ऑफिसच्या दिवशी रात्रीचं इटालियन चिकन: पोल्लो आल्ला काच्चातोराबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मी दीड वर्ष इटलीत होते, उंब्रियातल्या पेरुजा शहरात, आणि आमच्या खालच्या मजल्यावर ज्या आजी राहायच्या त्या आठवड्यातून एकदा तरी हे चिकन करायच्या, तेही साध्या मंगळवार-बुधवारी, पाहुणे वगैरे कोणी नसताना. त्यांच्या ओट्याशी उभी राहून मी शिकले. आता पुण्यात ऑफिसमधून साडेसातला घरी येते आणि पावणेनऊला आम्ही जेवायला बसतो त्यात हे आरामात बसतं. बहिणींना, मैत्रिणींना, ऑफिसात इतक्या वेळा सांगून झालंय की आता प्रश्नही पाठ झालेत, म्हणून सगळे एका जागी लिहिले.

हा नक्की काय प्रकार आहे?

पोल्लो म्हणजे चिकन आणि आल्ला काच्चातोरा म्हणजे शिकाऱ्याच्या पद्धतीचं. मध्य इटलीत, म्हणजे तोस्काना, उंब्रिया या पट्ट्यात घरोघरी होतं, चिकनचं होतं तसंच सशाचंही होतं. आधी तुकडे तेलात खरपूस करायचे, मग कांदा-गाजर-सेलरी परतायची, वाइन घालून आटवायची आणि थोड्या टोमॅटोत झाकण ठेवून मंद आचेवर शिजू द्यायचं, बास. मसाला म्हणून फक्त मीठ, मिरी, रोझमेरी. एकच एक ठरलेली रेसिपी असं काही नाही, दर घराची वेगळी असते आणि प्रत्येकाला आपलीच खरी वाटते.

चार माणसांना किती साहित्य?

चिकनच्या तंगड्या आणि मांड्या मिळून साधारण १ किलो, म्हणजे ८ तुकडे. एक मोठा कांदा, एक लहान गाजर, सेलरीचा एक दांडा, लसणाच्या ४ पाकळ्या, रोझमेरीची एक काडी, अर्धा ग्लास म्हणजे १२० मिली वाइन, सोललेल्या टोमॅटोचा ४०० ग्रॅमचा डबा, ३ मोठे चमचे ऑलिव्ह ऑइल, १५ एक काळी ऑलिव्ह, एक सुकी लाल मिरची, मीठ, मिरपूड. सेलरी नाही मिळाली तर सोडून द्या, तेवढ्यासाठी चार दुकानं फिरायची गरज नाही.

दमून आल्यावर खरंच सव्वा तासात होतं का?

होतं, आणि त्यातली हाताची कामं जेमतेम २५ मिनिटांची. मी घरात आले की चप्पल काढून पहिलं चिकन फ्रिजमधून बाहेर काढते, फडक्याने नाहीतर किचन टॉवेलने कोरडं करते, मीठ-मिरी लावते आणि मग हातपाय धुवून कपडे बदलते, तेवढ्यात १५ मिनिटं होतात आणि मीठ मुरायला लागतं. मग चिकन गॅसवर भाजत असतानाच कांदा-गाजर बारीक चिरून होतं. १५ मिनिटं भाजणं, ८ मिनिटं भाजी परतणं, ३ मिनिटं वाइन आटवणं, आणि टोमॅटो घातल्यावर ३५ ते ४० मिनिटं ते आपलं आपण शिजतं, त्या वेळात मुलांचा अभ्यास घ्या, अंघोळ करा, काहीही करा, मधे एकदा तुकडे उलटायचे तेवढंच.

चिकन कुठलं आणू? ब्रेस्ट चालेल?

ब्रेस्ट नको. ब्रेस्टमधे चरबी नाही, तो ७४ डिग्रीच्या पुढे गेला की कोरडा पडायला लागतो आणि इथे आपण पाऊण तास शिजवणार आहोत, मग तो भुशासारखाच लागणार. तंगडी आणि मांडीचं उलट आहे, त्यात हाडाजवळ, सांध्याजवळ जे चिवट असतं ते सावकाश शिजून विरघळतं आणि त्यानेच रस्सा ओठाला किंचित चिकटेल असा होतो. चिकनवाल्याला सांगा "लेग पीस अख्खे द्या, फक्त सांध्यावर दोन भाग करा", नाहीतर तो सवयीने करी कट करून टाकतो आणि मग हाडाच्या कपच्या निघत बसतात.

गावरान कोंबडी घेत असाल तर रविवारी करा. तिला दीड तास तरी लागतो आणि रस्सा फार सुंदर होतो, पण ऑफिसच्या दिवशी ते जमायचं नाही.

आमच्याकडे स्किन काढूनच देतात, मग?

आधी सांगून ठेवलं तर बहुतेक दुकानं स्किनसकट देतात, फक्त पिसं नीट काढलीत का बघून घ्या. अगदीच नाही मिळालं तर स्किन नसलेल्या तुकड्यांना भाजायच्या आधी मैद्याचा हलका हात लावा, जास्तीचा झटकून टाका, म्हणजे मांस तेलात थेट वाळत नाही, रंगही येतो आणि पुढे रस्साही जरा दाट होतो. इटलीतही मैदा लावणारी घरं आहेत, त्यामुळे ही पळवाट आहे असं मनात आणू नका.

आलं-लसूण पेस्ट आणि हळद लावून ठेवू ना? नाहीतर वास येईल.

हा प्रश्न सगळ्यात जास्त येतो आणि मला पूर्ण कळतो, माझ्या आईनेही पहिल्यांदा हेच विचारलं होतं. पण नका लावू. पेस्ट लावलेला तुकडा तेलात टाकला की आधी लसूण जळतो आणि चिकनला रंग येईपर्यंत सगळं कडू झालेलं असतं. शिवाय आलं आलं की त्याचाच वास पुढे राहतो, मग रोझमेरी आणि वाइन घालून उपयोग काय. वास येतो तो बहुतेक वेळा चिकन शिळं असल्याने नाहीतर ओलं चिकन नुसतं पाण्यात उकडल्याने. ताजं चिकन, नीट कोरडं केलेलं, मीठ लावलेलं आणि खरपूस भाजलेलं असेल तर वास राहत नाही. एकदा विश्वास ठेवून करून बघा.

चिकन धुवायचं की नाही?

नळाखाली धुतलं की ते पाणी सिंकभर, ओट्यावर, शेजारी वाळत घातलेल्या भांड्यांवर उडतं आणि कच्च्या चिकनवरचे जंतू त्याबरोबर सगळीकडे जातात, आणि ते मरतात शिजवल्यानेच, धुतल्याने नाही. मी धुणं सोडलंय. ज्यांना धुतल्याशिवाय चैनच पडत नाही त्यांनी मोठ्या पातेल्यात पाणी घेऊन हळूच धुवा, नंतर सिंक साबणाने घासा आणि चिकन अगदी खडखडीत कोरडं करा.

भाजताना चिकन भांड्याला चिकटतं, फाटतं. काय चुकतंय?

घाई. दुसरं काही नाही.

हे जरा सविस्तर सांगते कारण सगळा पदार्थ यावर उभा आहे. जाड बुडाचं पसरट भांडं घ्या, बिडाचं असेल तर उत्तमच, तेल तापू द्या आणि तुकडे स्किनची बाजू खाली करून ठेवा, दोन तुकड्यांमधे बोटभर जागा राहील असे. आठही मावत नसतील तर चार-चार करा. गर्दी केली की वाफ धरते आणि चिकन भाजायच्या ऐवजी उकडतं, पांढरटच राहतं. ठेवल्यावर ७-८ मिनिटं हात लावायचा नाही. आच मध्यम. आवाज ऐका, सुरुवातीला ओला तडतडाट असतो, पाणी उडून गेलं की तो बारीक, एकसारखा होतो. आजी तेव्हा चिमट्याने एका तुकड्याची फक्त कड उचलून बघायच्या, जराही धरून ठेवलंय असं वाटलं की लगेच सोडून द्यायच्या आणि चिमटा खाली ठेवून द्यायच्या, परत दोन मिनिटांनी. तिसऱ्यांदा तुकडा आपोआप सुटायचा आणि खालची बाजू भाजलेल्या शेंगदाण्याच्या रंगाची झालेली असायची. तो रंग आला की उलटायचं, दुसरी बाजू ४-५ मिनिटं पुरते. चिकन अजून आत कच्चंच आहे, ते असू दे, ताटात काढून ठेवा आणि त्याचं सुटलेलं पाणी टाकू नका.

आता भांड्याच्या बुडाला जी तांबूस खरवड धरलेली असते तीच तुमचा मसाला. चरबी जास्त सुटली असेल तर दोन चमचे ठेवून बाकीची काढा आणि त्याच भांड्यात कांदा, गाजर, सेलरी चिमूटभर मीठ घालून मंद आचेवर परता. कांद्याच्या पाण्यानेच खरवड सुटायला लागते. लसूण शेवटच्या मिनिटाला, ठेचून. भांडं मधेच घासून घ्यायचं नाही, दुसरं भांडंही घ्यायचं नाही. माझ्या एका मैत्रिणीने स्वच्छतेपायी खरवड धुवून टाकली आणि मग फोन करून म्हणाली की चवच नाही गं याला, आणि कुठून येणार, चव तर सिंकमधे गेली होती.

वाइन लाल की पांढरी? आणि घरात दारू चालत नसेल तर?

दोन्ही चालतात. लाल घातली की रस्सा गडद आणि भारदस्त होतो, पांढरी घातली की हलका. नाशिकची कुठलीही साधी, गोड नसलेली वाइन घ्या, महाग नको, पण पिऊन बघितली तर तोंड वाकडं होईल अशीही नको. पोर्ट वाइन म्हणून जी गोड मिळते ती अजिबात नको, रस्सा सरबतासारखा होतो. वाइन घातली की आच मोठी करा, उलथन्याने बूड खरवडा आणि नाकाला झोंबणारा वास जाऊन भाजीजवळ पातळ पाकासारखा रस उरेपर्यंत आटवा.

शिजवल्यावर अल्कोहोल बरंचसं उडतं पण शंभर टक्के जात नाही, त्यामुळे ज्यांना धर्मामुळे, औषधांमुळे किंवा मनालाच नको आहे त्यांना "काही राहत नाही हो" असं सांगून वाढू नका. त्यांच्यासाठी दोन चमचे चांगलं द्राक्षाचं किंवा सफरचंदाचं व्हिनेगर आणि अर्धी वाटी पाणी घाला, छान होतं. आपल्याकडचं पांढरं सिंथेटिक व्हिनेगर फार जहाल असतं, तेच असेल तर एक छोटा चमचा पुरे.

टोमॅटो डब्यातलेच हवेत का?

नाही, पण का वापरतात ते सांगते. इटलीतले लांबट सान मार्झानो टोमॅटो व्हेसुव्हियस ज्वालामुखीच्या आसपासच्या जमिनीतले, त्यात गर जास्त, बिया कमी, आणि पूर्ण पिकल्यावर सोलून डब्यात भरतात. डिसेंबरात तिकडे ताज्या टोमॅटोला चव नसते म्हणून घरोघरी डबाच उघडतात, त्यात कुणाला कमीपणा वाटत नाही. आपल्याकडे बाजारात कडक, जाड सालीचे टोमॅटो येतात ते थेट चिरून घातले की साल गुंडाळी होऊन दाताखाली येते. ६-७ लालभडक, हाताला मऊ लागणारे टोमॅटो घ्या, अर्धे कापून किसणीवर किसा, साल हातात राहते, गर खाली पडतो. टेट्रापॅकमधली प्युरी चालेल पण मागे वाचून घ्या, फक्त टोमॅटो लिहिलेलं हवं. केचप नाही.

आणि टोमॅटो कमीच घाला. हा टोमॅटोच्या ग्रेव्हीतला पदार्थ नाही, तुकडे निम्मेच बुडले पाहिजेत, वरची भाजलेली बाजू रश्शाच्या बाहेर राहिली पाहिजे.

रेसिपीत बे लीफ लिहिलंय, म्हणजे आपलं तमालपत्रच ना?

नाही! दोन्ही वेगळ्या झाडांची पानं आहेत. आपलं तमालपत्र दालचिनीच्या कुळातलं, त्यावर देठापासून टोकापर्यंत तीन शिरा जातात आणि वासही दालचिनी-लवंगेकडे झुकणारा. इटलीतलं बे लीफ म्हणजे आल्लोरो, त्याच्या पानाला मधे एकच शीर आणि वास जरासा निलगिरीसारखा. आपलं तमालपत्र घातलं की रस्सा ताबडतोब पुलावाच्या वाटेला लागतो. ते सोडा, रोझमेरी घाला, वाळलेली असेल तर अर्धा छोटा चमचा. कुंडीत रोझमेरी लावा, पुण्यात छान जगते, फक्त पाणी कमी घाला.

कुकरमधे करू का?

वेळ अगदीच नसेल तर करा, पण भाजणं आणि वाइन आटवणं झाकण न लावता आधी झालंच पाहिजे. मग टोमॅटो आणि अर्धी वाटी पाणी घालून एक शिट्टी, गॅस मंद करून ५ मिनिटं, आणि वाफ आपोआप जाऊ द्या. कुकरमधे पाणी आटत नाही म्हणून उघडल्यावर तुकडे बाहेर काढून रस्सा मोठ्या आचेवर ५-७ मिनिटं आटवा आणि तुकडे परत आत सोडा. चव जवळपास तीच येते, स्किन मात्र मऊ पडते.

मश्रूम, सिमला मिरची घालतात ना?

अमेरिकेत गेलेल्या इटालियन लोकांच्या पद्धतीत दोन्ही हमखास असतं. इटलीत काही घरांत मश्रूम घालतात, तेही हवेच तर वेगळे परतून शेवटी घाला म्हणजे पाणी सुटत नाही. सिमला मिरचीचं चिकन हा रोमचा वेगळा पदार्थ आहे, १५ ऑगस्टला तिकडे फेर्रागोस्तोची सुट्टी असते तेव्हा हमखास करतात. मी आठवड्यातल्या रात्री दोन्ही घालत नाही, कापायचा वेळ वाढतो.

थोडा गरम मसाला? थोडं लाल तिखट? थोडं क्रीम?

गरम मसाला आणि क्रीम, नाही. तिखट हवं असेल तर भाजी परतताना सुकी लाल मिरची मोडून घाला, ते तिकडेही करतात. आपल्या जिभेला सुरुवातीचे दोन घास सपक वाटतील, खरं आहे, पण तिसऱ्या-चौथ्या घासाला चिकनची स्वतःची चव लागायला लागते, भाजलेल्या कांद्याचा गोडवा लागतो, आणि हे सगळं गरम मसाल्याखाली दडपून जातं. आपल्या कोंबडीच्या रश्शात मसाला हवाच, तिथे मी एक चिमूटही कमी करणार नाही, पण हा पदार्थ वेगळा आहे, त्याला त्याच्या पद्धतीने राहू द्या.

कशाबरोबर खायचं? पास्त्यावर वाढू?

इटलीत पास्ता आधी वेगळ्या ताटलीत येतो आणि मांस त्यानंतर, ब्रेड आणि भाजीबरोबर. खाली स्पॅगेटी, वर चिकन हे अमेरिकेत रुळलं. उंब्रिया-तोस्कानातला ब्रेड बिनमिठाचा असतो, पहिल्यांदा खाताना मला वाटलं बेकरीवाला मीठ विसरला, पण असा रस्सा टिपायला तो अगदी बरोबर असतो. शेवटी ब्रेडच्या तुकड्याने ताटली पुसून खातात त्याला स्कार्पेत्ता म्हणतात. आपल्याकडे त्याला सगळ्यात जवळचा म्हणजे ब्रुन पाव, कडक सालीचा, नाहीतर गोव्यात असाल तर पोदेराचा, म्हणजे तिथल्या पाववाल्याचा, गोल कडक उंडो. मऊ लादीपाव लगेच भिजून तुटतो.

थंडीत पोलेन्ता. आपल्या पिठल्यासारखंच ढवळत शिजवायचं असतं पण त्याला मक्याचा जाडसर रवा लागतो, भाकरीचं बारीक पीठ घेतलंत तर चिकट होतं. उकडलेला बटाटाही चालतो, आणि आमच्याकडे धाकटा भातावर घेतो, मी अडवत नाही.

टोमॅटो नसलेलं पण असतं म्हणे?

असतं, आणि मला तेच जास्त आवडतं. टोमॅटो युरोपात आला सोळाव्या शतकात, अमेरिका खंडातून, आणि इटलीच्या रोजच्या स्वयंपाकात रुळायला त्याला आणखी खूप काळ लागला. उंब्रिया, रोम या बाजूला पांढरं काच्चातोरा करतात. चिकन तसंच भाजायचं, मग लसूण, रोझमेरी, सेज या सुगंधी झुडपाची पानं, पांढरी वाइन, दोन चमचे व्हिनेगर, ऑलिव्ह, आणि आजी त्यात खारवलेला एक अँकोव्ही मासा घालायच्या, तो तेलात विरघळून दिसेनासा होतो आणि माशाची चव अशी येत नाही, नुसता एक खोलपणा येतो, आपण वांग्यात सोडे घालतो तेव्हा येतो ना तसा. वर थोडं थोडं पाणी शिंपडत ४० मिनिटं. रस्सा फार नसतो, तुकड्यांना लपेटलेला असतो.

घरात एकजण व्हेज आहे.

भाजी परतणं दुसऱ्या छोट्या पातेल्यात करा, त्यात टोमॅटो, रोझमेरी किंवा सेज आणि शिजवलेला पांढरा राजमा नाहीतर चवळी घाला, २० मिनिटं मंद आचेवर. तोस्कानात असा राजमा खरंच करतात, फाजोली आल्लुच्चेल्लेत्तो म्हणतात, त्यामुळे त्या माणसाला तडजोडीचं जेवण मिळालं असं होत नाही.

रस्सा पातळ झाला / कडू झाला / आंबट झाला.

पातळ असेल तर झाकण काढा आणि शेवटची १० मिनिटं उघडं शिजू द्या, कॉर्नफ्लोअर घालू नका. कडू झाला असेल तर लसूण किंवा खरवड करपलीय, खरवड काळी दिसली तर वाइन घालायच्या आधीच भांडं पुसून घेणं बरं, तांबूस हवी, काळी नको. आंबट असेल तर टोमॅटो कच्चा आहे, अजून १० मिनिटं द्या, आणि तरीही राहिला तर किसलेलं गाजर थोडं जास्त घाला, साखर मी शेवटचा उपाय म्हणून चिमूटभर. चिकन चिवट लागतंय तर ते जास्त शिजलंय असं समजून गॅस बंद करू नका, मांडीच्या बाबतीत बहुतेक वेळा कमी शिजलेलं असतं. मीठ सगळ्यात शेवटी बघा कारण ऑलिव्ह खारट असतात.

आदल्या दिवशी करून ठेवलं तर? उरलं तर?

दुसऱ्या दिवशी जास्त चांगलं लागतं. फ्रिजमधे रस्सा जेलीसारखा थिजतो, घाबरू नका, ते सांध्यातलं विरघळलेलं आहे, गरम केलं की पुन्हा पातळ होतं. तीन दिवस फ्रिजमधे राहतं, काढताना हवं तेवढंच काढा आणि चांगलं उकळी येईपर्यंत तापवा. एक-दोन तुकडेच उरले असतील तर मांस हाडावरून सोडवून रश्शात मोडा, रिगातोनी किंवा पेने उकडा, पास्त्याचं अर्धी वाटी पाणी घालून दोन मिनिटं एकत्र परता, झालं गुरुवारचं जेवण. हाडं मी डब्यात घालून फ्रीझरमधे टाकते, दोन-तीन वेळची साठली की एका रविवारी सूप.